परमुलुखीच्या शेगडीची बखर

श्री. ज्याच्या कृपेने डोंगर फुटून वाट होते, परंतु ज्यास हुजूर दफ्तराचा उंबरा ओलांडावयाची परवानगी अद्याप मिळाली नाही, त्या विघ्नहर्त्यास साष्टांग नमस्कार करून, आणि जिने सर्वांस अक्षर दिले व कारकुनांस किंचित जास्तच दिले त्या शारदेस वंदून, ही हकीकत लिहिली असे. शके १७०४, शुभकृत नाम संवत्सरे, कार्तिक मासी, एका राज्याची फौज समुद्र उतरून परमुलुखी पोहोचली, तेथे जे वर्तले ते जैसे वर्तले तैसे लिहिले. राज्याचे नाव पुसू नये. ज्यास ओळख पटेल त्याने मनात ठेवावी.

त्या राज्याचे धनी थोर पुण्यप्रतापी. त्यांचे स्नेही एक राजे समुद्रापलीकडे, उत्तरेस, हिमाचे मुलुखी राज्य करीत होते. त्यांचे पत्र आले की, आमचे बंदरावर शत्रू चालून येणार ऐसी आवई आहे, तरी पाचशे माणूस कुमकेस धाडावे. मग धन्यांनी मसलत केली आणि फौज नेमिली, आणि मोहीम किती वर्षे चालेल हे कोणी सांगेना म्हणोन कबिले बरोबर नेण्याची मोकळीक दिली, आणि डांगोरा पिटविला की, जो शिपाई परमुलुखी भाड्याचे घर घेईल त्यास, घर राहते करावयास जो खर्च पडेल तो बिऱ्हाडखर्च म्हणोन सरकारातून भरून मिळेल. डांगोरा पिटणाराचा आवाज मोठा खणखणीत होता. लोक बहुत संतोष पावले आणि सरकारास दुवा देत घरोघर गेले.

त्या फौजेत सुभानजी घोगरे म्हणोन एक शिपाई होता. अंगाने दांडगा, तलवारीस चलाख, परंतु मनाचा भोळा, छापमोर्तब दिसले की मान लवविणार. त्याची बायको गोजराबाई. तीस दोन लेकरे जाहली ती दोन्ही खोकल्याने, दूधपिती असतानाच गेली, आणि आता तिसऱ्याने तिला पाचवा महिना होता. तिचा थोरला भाऊ रतोजी, तो येऊन दारात बसला आणि म्हणाला, "दाजी, दोन लेकरं हातची गेली. आता तिसरं बर्फात नेऊन घालता होय? इथं ठेवा तिला." गोजराबाई म्हणाली की, मी मागे राहणार नाही, दोन्ही वेळी धनी मोहिमेवर होते आणि मी एकलीने लेकरे मातीत दिली. मग सुभानजी छाती काढून बोलिला, "दादा, सरकार पाठीशी आहे. डांगोरा ऐकला नाही का? तुमच्या बहिणीला हुडहुडी भरली तर मला सोयरा म्हणू नका." रतोजी उठला आणि आपल्या बायकोच्या हातचे सोन्याचे गोट आणून बहिणीचे हाती घातले, आणि म्हणाला, "बाळंतपणाला तिथं माहेर नाही, बाई. हेच माहेर समज." आणि डोळे पुशीत गेला.

मग फौज गलबतांत बसून निघाली आणि ओकत, कण्हत, देवास नवस बोलत परमुलुखी पोहोचली. तेथे सुभानजीने बंदराजवळ एक घर भाड्याने घेतले. दार उघडून पाहतो तो काय, चार भिंती! खिडकीस झडप नाही, कोनाड्यात दिवा नाही, आणि मुख्य म्हणजे चूल नाही. चुलीच्या जागी भिंतीस एक काळे भोक. सुभानजीने घरमालकिणीस दुभाष्याकरवी पुसले की, ही लूट कोणी केली? ती म्हातारी हसली आणि तिने सांगितले की, लूट नव्हे, या मुलुखीची चालच ऐसी आहे. जो भाडेकरी जातो तो आपली शेगडी उपटून संगे नेतो आणि जो येतो तो आपली आणतो, दुसऱ्याच्या राखेत कोण बसेल? आणि भाडे कनवटीस लावून ती आपले गावी निघून गेली. तिकडील शेगडी म्हणजे आपल्याकडील मातीची शेगडी नव्हे. पुरुषभर उंच, सगळी लोखंडी, वर धुराडे भिंतीच्या भोकातून बाहेर काढलेले, पोटात लाकडे घालून दार लाविले की रात्रभर धगधगते. तिजवाचून त्या मुलुखी पाण्याची घागर घरातच दगड होते, तेथे माणसाची कथा काय! लोहार शेगड्या उन्हाळ्यात घडवितात आणि दिवाळीच्या सुमारास विकून मोकळे होतात. बंदरच्या लोहाराकडे एकच उरली होती आणि तिचे मोल ऐकून सुभानजी खालीच बसला.

गोजराबाईने हातचे गोट काढून त्याचेपुढे ठेविले. तो म्हणाला, "हे तुझं माहेर आहे." ती म्हणाली, "माहेर अंगावर घालून पोर जगत नाही. ठेवा गहाण." मग गोट लोहाराकडे गहाण पडले आणि शेगडी घरात आली, आणि पौष मासी, बाहेर हिम गुडघाभर असताना, गोजराबाई शेगडीपाशी प्रसूत होऊन कन्या जाहली. तिचे नाव शेवंता ठेविले. महिना गेला, दुसरा गेला, पोर खोकली नाही. गोजराबाई रोज तिचे छातीस कान लावून ऐके आणि मग शेगडीस हात जोडी. छावणीतले लोक थट्टेने शेवंतेस शेगडीची लेक म्हणत, आणि सुभानजीस त्या थट्टेचा मोठा अभिमान वाटे.

परंतु गोट लोहाराकडे होते ते त्याचे मनास खुपत होते. बायकोचे मनगट उघडे पाहिले की त्यास रतोजी दारात बसलेला दिसे. म्हणोन त्याने बिऱ्हाडखर्चाचा अर्ज करावा ऐसे योजिले. गोजराबाई म्हणाली, "नका मागू. आपण आहोत हे सरकारला ठाऊक नाही तेच बरं आहे." सुभानजी म्हणाला, "भीक का मागतोय? डांगोरा पिटलाय त्यांनी!" आणि छावणीचे कारकून चिंतोपंत यांस घरी बोलाविले. चिंतोपंत माणूस वाईट नव्हता. हे लिहिणे अवश्य, कारण तो वाईट असता तर त्यास चार शिव्या देऊन ही हकीकत येथेच आटोपती. तो आला, शेगडीपाशी हात शेकीत बसला, गोजराबाईने दिलेला काढा प्याला, पोरीस मांडीवर घेऊन खेळविले, आणि सुबक अक्षराने अर्ज लिहिला. सुभानजीने अंगठा केला आणि गलबत अर्ज घेऊन गेले.

मग हुजूर दफ्तराने जो पराक्रम केला तो काय वर्णावा! त्या मोहिमेत तलवार कोणी उपसली नाही, परंतु लेखणी क्षणभर म्यानात गेली नाही. प्रथम शेरा आला की, चूल नाही ते घर नव्हे, सबब शिपायाने घर घेतलेच नाही ऐसे त्याचेच अर्जावरून सिद्ध होते, तरी भाडे कोणत्या जागेचे दिले याचा खुलासा करावा. खुलासा गेला. मग पुसले की, आधीचा भाडेकरी शेगडी घेऊन गेला म्हणता, तर त्याची कबुली कोठे आहे? तो भाडेकरी कोळी होता, तो दर्यात बुडोन मेला होता. तैसे लिहून पाठविले. उत्तर आले की, बुडाला हे त्याचे तोंडून कळले की काय? मग पुन्हा पुसले की, ही शेगडी स्वयंपाकाची की उबेची? स्वयंपाकाची असे तर शिपाई देशीही जेवतच होता, त्याचा नवा खर्च कैसा? उबेची असे तर ऊब हवेकडे मोडते, आणि हवा स्नेही राजाची आहे, आणि तहनाम्यात हवेविषयी कलम नाही. शाबास! ऐसी अक्कल रणात चालती तर शत्रू गलबतात बसण्याआधीच शरण येता. चिंतोपंत प्रत्येक शेरा घेऊन येई, शेगडीपाशी बसे, डोके खाजवी आणि उत्तर लिही. "नाईक, धीर धरा," सुभानजीस म्हणे. "दफ्तराने नाही म्हटलेले नाही." इतर शिपायांनी सुभानजीची ही तऱ्हा पाहिली आणि आपले अर्ज केलेच नाहीत. ते शहाणे ठरले.

ऐसे करता वर्ष सरले. शत्रू आला नाही. शेवंता भिंतीस धरून उभी राहू लागली आणि शेगडीकडे बोट करून "हा, हा" करू लागली, कारण आई तीस तिकडे जाताना तैसे भिववीत असे. पुन्हा पौष आला, आणि एके दिवशी गलबतातून हुकूम आला की, बिऱ्हाडखर्च मंजूर! सुभानजीने चिंतोपंताच्या घरी धावत जाऊन त्यास मिठी मारिली आणि सगळ्या चौकीस गूळ वाटला. "पाहिलं का?" तो गोजराबाईस म्हणाला. "सरकार ते सरकार!" ती हसली. वर्षात प्रथमच तिने आपले मनगट चाचपून पाहिले.

परंतु हुकूम लांब होता आणि गूळ वाटेपर्यंत चिंतोपंताचा पुढील कागद वाचून जाहला नव्हता. पुढे लिहिले होते की, सरकारचे पैक्याने घेतलेली वस्तू ती सरकारची, सबब शेगडी तात्काळ उपटून कोठीत जमा करावी, जमेची पावती जाहल्यावर पैका द्यावा, आणि एका बिऱ्हाडास एकच शेगडी हा नियम असल्याने दुसरीचा अर्ज घेऊ नये. दुसरे दिवशी दुपारी चिंतोपंत चार हमाल घेऊन सुभानजीच्या दारी आला. त्याचे तोंड उतरले होते. त्याने हुकूम वाचला. सुभानजीस प्रथम कळेना, मग कळले, आणि तो म्हणाला, "मला पैका नको, पंत. अर्ज माघारा घेतो."

"मंजूर अर्ज माघारा घ्यायची चाल नाही, नाईक. सरकारची देणगी नाकारली तर ती बेअदबी होते."

"मग थंडी सरेपर्यंत थांबा. चैत्रात मी स्वतः पाठीवर घालून आणून देतो."

"तात्काळ लिहिलंय," चिंतोपंत म्हणाला. "माझ्या हाती काय आहे?"

तेव्हा सुभानजीचा हात तलवारीच्या मुठीवर गेला. सगळ्या मोहिमेत त्याचा हात तेथे प्रथमच गेला. हमाल मागे सरले. चिंतोपंत हळू बोलिला, "फितवा ठरेल. तोफेच्या तोंडी देतील, आणि पोरीला ना शेगडी राहील ना बाप. विचार करा." गोजराबाई शेगडीपुढे पोरीस घेऊन बसली होती. ती म्हणाली, "पंत, याच शेगडीपाशी बसून तुम्ही अर्ज लिहिलात." चिंतोपंताने मान खाली घातली, पण हमालांस जा म्हटले नाही. सुभानजीने मुठीवरला हात काढिला. तो हात काढिला याचे दुःख त्याने पुढे जन्मभर वागविले.

मग हमालांनी शेगडीस हात लाविला तो ती तापलेली होती. हात पोळले. निखाऱ्यांवर पाणी ओतून ते निवण्याची वाट पाहत उभे राहिले. आणि काय सांगावे, बाहेर कडाका फार होता, म्हणोन चिंतोपंत सवयीने पुढे जाहला आणि शेगडी निवेपर्यंत तिजवर हात शेकीत राहिला. ते गोजराबाईने पाहिले आणि तिने पोरीचे तोंड पदराखाली घेतले. मग शेगडी गेली आणि भिंतीस ते काळे भोक राहिले, त्यात सुभानजीने आपली घोंगडी कोंबली.

त्याच सांजेस हिमाचे वादळ उठले आणि गल्ल्या बुजल्या, शेजाऱ्याचे दार हाकेवर असोन दिसेना. सुभानजीने पेटी फोडून जमिनीवर विस्तव केला. दार लावावे तर धूर कोंडे, उघडावे तर हिम आत येई. तो दार लावी आणि उघडी, लावी आणि उघडी, आणि गोजराबाई पोरीस पोटाशी आवळून बसली होती. मग शेवंता खोकली. गोजराबाईने नवऱ्याकडे पाहिले. तो खोकला त्या दोघांस ओळखीचा होता. वादळ ओसरून वाटा मोकळ्या होईतो पोर आटोपली. जमीन दगडासारखी जाहली होती, म्हणोन तीस पुरावयास सुभानजीने कुदळीने अर्धा दिवस खणले. चिंतोपंत तेथे येऊन मोठ्याने रडला. सुभानजीने त्यास एवढेच म्हटले, "पंत, तुम्ही घरी जा."

पुढे जमेची पावती जाहली, पैका मिळाला, पै न पै मिळाला, सरकारने कोणाचे बुडविले नाही. सुभानजीने गोट सोडवून आणिले आणि बायकोपुढे धरिले. तिने ते हातात घातले नाहीत. शेवंतेच्या कुंचीत बांधले आणि भावाकडे जाणाऱ्या गलबतात दिले. निरोप काही धाडिला नाही. रतोजी कुंची पाहून काय समजावयाचे ते समजला.

आणि त्याच महिन्यात सुभानजीची चौकी कोठीवर लागली. हुकूम होता की, आतील सरकारी जिन्नस कोणी उचलून नेऊ नये. तो हिमात दाराशी भाला घेऊन उभा राही. आत शेगडी थंड उभी होती, पोटात लाकूड नाही, गळ्यात सुतळीने चिठ्ठी बांधलेली. कोणी चोरावयास आले नाही. दोन वर्षांनी मोहीम उठली तेव्हा हुजुरून लिहून आले की, शेगडी देशी आणण्याचा खर्च तिचे मोलाहून अधिक आहे, सबब तेथेच टाकून यावे. मग कोठीचे दार उघडेच ठेवून फौज गलबतात बसली.

येणेप्रमाणे मोहीम फत्ते होऊन फौज सुखरूप स्वदेशी आली. धन्यांनी सरलष्करास वस्त्रे दिली आणि हुजूर दफ्तरास शिरपाव दिला. शत्रू आला नाही, तोफ डागली नाही, जखमी कोणी नाही. कामी आली ती एकटी शेवंता सुभानजी घोगरे. तिचे नाव लष्कराचे पटावर नव्हते आणि दुसरीकडे कोठे मांडावयाची चाल नाही, म्हणोन येथे लिहिले. लेखनसीमा.