गोविंदरावांचा खडक

इस्लापूरच्या शाळेतले माझे जोडीदार गोविंदराव मास्तर शाळा सुटली की रोज पैनगंगेवरच्या सहस्रकुंड धबधब्याशी जात आणि एकाच खडकावर बसत. दुसरं कुणी तिथं बसलेलं दिसलं तर म्हणत, ‘उठा, बसून बसून मी गुळगुळीत केलाय तो.’

का जाता, असं विचारलं की ज्याला त्याला निराळं उत्तर. मला म्हणायचे, ‘तुषार अंगावर घेतले की अन्न पचतं.’ वैद्यांना सांगत, गुडघे मोकळे होतात. बायकोला म्हणाले होते, पाढे घोकतो. ती माउली म्हणायची, ‘जन्मभर शिकवून राहिले, अजून येत न्हाईत?’

एरवी हे हसण्यावारी गेलं असतं. पण तिकडं इंग्रज गेला होता, इकडं निजाम होता, आणि पैनगंगेचा पलीकडचा काठ म्हणजे दुसरं राज्य. नाके बंद झालेले. काठावर कुणी रेंगाळलं की पलीकडं इशारे करतो म्हणून उचलत.

एका संध्याकाळी मला राहवेना. त्यांना परत आणायला गेलो. खडकाजवळ पोचलो तोच झाडाआडून बंदूकवाला शिपाई पुढं आला. त्यानं मला बाजूला घेतलं.

‘ये बुढ्ढा रोज कायकू आता?’

‘पचनासाठी,’ मी म्हणालो.

मग तो गोविंदरावांकडं वळला. पाण्याच्या आवाजात त्यांना माझं बोलणं ऐकू गेलं नव्हतं. ते सावकाश म्हणाले, ‘गुडघ्यासाठी.’

शिपायानं बंदूक खांद्यावरून उतरवली.

‘पाढे पण म्हणतो,’ गोविंदरावांनी भर घातली.

तेवढ्यात पलीकडच्या काठावर एक बाई आली. तिनं कडेवरचं लेकरू दोन्ही हातांनी उंच धरलं. गोविंदरावांनी आपले हात उपरण्याखाली दाबून धरले. शिपाई ते बघत होता.

‘कौन है वो?’

‘लेक हाय माझी,’ गोविंदराव खाली बघत म्हणाले. ‘नाका बंद झाला, बाळंतपणाला येता आलं न्हाई. नातू हितूनच बघतो. घरी सांगितलं न्हाई. तिच्या आईला कळलं तर ती पाण्यात उतरंल.’

शिपायानं बंदूक परत खांद्याला अडकवली. मग म्हणाला, ‘कल से नक्को आना. कल दूसरा आदमी रहता यहाँ. वो पूछता नहीं.’ आणि आमच्याकडं पाठ करून उभा राहिला.

गोविंदरावांनी हात बाहेर काढले. हलवले नाहीत. लेकराला घ्यायला करतात तसे नदीकडं पुढं केले, आणि तसेच धरून ठेवले.