तक्रार विभागाची निळी खोली

रंगांचं शास्त्र मला विचारा! एका मासिकात चांगलं दीड पान वाचलंय मी. लाल रंगानं माणूस भडकतो, फिकट निळ्यानं निवतो.

मी वॉशिंग मशीनच्या कंपनीत तक्रार विभागाचा उपप्रमुख. साहेबांनी सांगितलं होतं, "महिन्याभरात तक्रारी निम्म्यावर आणा, प्रमुखाची खुर्ची तुमची!" अकरा वर्षं त्या खुर्चीवर डोळा होता माझा. मी ताबडतोब खोली रंगवायला काढली. भिंतींचा जुना पिवळा रंग असला, की बघणाऱ्याला कावीळ व्हावी!

तक्रारी लिहून घेणाऱ्या बाई म्हणाल्या, "सर, भिंतींना हात लावू नका. वीस वर्षं त्यांनीच हा विभाग सांभाळलाय."

"बाई, तुम्ही तक्रारी लिहा. शास्त्र माझ्यावर सोडा!"

निळा रंग लागला. पहिलाच ग्राहक बाहेरून गर्जत आला आणि आत येताच मऊ पडला. "किती प्रसन्न वाटतंय हो इथं!" मी बाईंकडे ऐटीत पाहिलं.

अर्ध्या तासानं तो म्हणाला, "बाई, आता शांतपणे आठवतंय. गेल्या वर्षी झाकणही मोडलं होतं. तेही लिहा. अजून एक कागद द्या."

पूर्वी लोक पाच मिनिटं पिवळी भिंत बघायचे, तक्रार न लिहिताच चार शिव्या हासडून निघून जायचे. आता कुणी हलेना! एक आजी तर विणकाम घेऊन आल्या.

"मशीन बिघडलंय का, आजी?"

"छे, उत्तम आहे! सुनेबद्दल लिहून घ्या."

महिनाअखेर तक्रारी निम्म्या सोडाच, तिप्पट झाल्या! साहेबांचा आरडाओरडा जिन्यापासून ऐकू येत होता. साहेब आत आले, बसले, एक दीर्घ श्वास घेतला आणि चक्क हसले.

"फार मन लावून काम केलंत हो," ते मायेनं म्हणाले. "प्रमुखाची खुर्ची बाईंना देतोय. तुम्ही उद्यापासून गोदामात जा हं."

आणि मी? "वा, छानच! आभारी आहे, साहेब," म्हणालो! वर बाईंचं अभिनंदनही केलं.

मग बाहेर आलो. तिथली भिंत अजून पिवळीच होती. तिच्याकडे नजर गेली आणि अकरा वर्षं एकदम डोक्यात शिरली. अशी बोंब ठोकली मी, की जिना दणाणला!

बाईंनी दारातून डोकं बाहेर काढलं. "तक्रार आहे का, सर? या ना आत. शांतपणे बसून लिहा."

गेलो. काय करणार, आत खरंच बरं वाटतं हो!