'वाफा'वाले अप्पा

मानवतला आमच्या घराला लागून विश्वनाथअप्पांचं बियाण्याचं दुकान आहे. तिथं 'वाफा' मासिकाचा अंक मागायला गेलं, की अप्पा आधी म्हणतात, "नखं दाखवा."

नखात माती दिसली तर अंक. नसली तर मेथीचं बी, फुकट. "पेरा. उगवली की या."

'वाफा' अप्पाच लिहितात, अप्पाच छापून आणतात. "परसातला वाफा आन् भगुन्यातल्या वाफा, दोनी आल्या त्यात," असं भेटेल त्याला सांगतात. जिल्ह्याबाहेर या मासिकाचं नाव कुणी ऐकलेलं नाही, पण वाचणारे पार वेडे. गंगाखेडच्या एका कंपाउंडरनं एसटी स्टँडवरच्या कुंडीत बोटं खुपसून नखं रंगवली. अप्पांनी हुंगून चोरी पकडली. मातीला गुटख्याचा वास होता! तरी अंक दिला. "अंकासाठी माणूस मातीत हात घालायलाय, आनखी काय पायजे?"

एकदा त्यांनी लिहिलं, 'जे खाता येत नाही ते लावू नका. गुलाब बिनकामाचा.' वाचकांनी गुलकंदाच्या बरण्या आणून दुकानाची फळी भरून टाकली. पुढचा अंक गुलाब विशेषांक. मुखपृष्ठावर एकच शब्द : 'चुकलो.'

वडील गेल्यावर मी आईला राणीसावरगावहून इथं आणलं. ती बोलेना. ताटात नुसतं चिवडत बसायची. एक दिवस अप्पा अंबाडीची जुडी घेऊन दारात उभे.

"माय, ह्याच्यात कण्या कशाच्या टाकाव्या? तांदळाच्या?"

"तांदळाच्या?" आई कडाडली. "ज्वारीच्या! सरका, दाखवते."

तिची भाजी अप्पांनी तिच्या नावानं छापली. मग पार येलदरीहून माणसं "अंबाडीवाल्या माय कुठं राहतात?" विचारत यायला लागली. आई त्यांना बसवायची, त्यांच्या चुका काढायची, वाढायची. त्यांच्यासोबत स्वतःही जेवायची.

शाळेत शिकवून परतताना मी आभार मानायला गेलो. "अप्पा, तुमच्यामुळं आई माणसात आली."

अप्पा बियांच्या पुड्या बांधत राहिले. मग म्हणाले, "गुरुजी, बायको गेली तवापासून 'जेवलात का' म्हणून पुसणारं घरात कुणी न्हाई. म्हणून तर मासिक काढलं. आता लय लोक पुसतात. पण पत्रात, कागदावर."

घरी येऊन हे आईला सांगितलं.

दुसऱ्या दिवसापासून दुपार झाली, की ती दारातून हाक मारते, "विश्वनाथ, जेवलास का रे?"

अप्पा जेवलेले असले, तरी "न्हाई" म्हणतात.