थांबवलेलं वाक्य

आमच्या कॉलेजातल्या एका शोकसभेत प्राचार्य बोलत होते. गेलेल्या माणसाविषयी बोलताना त्यांनी 'दानशूर' हा शब्द वापरला आणि जरा थांबले. तेवढ्यात मागच्या रांगेतून आवाज आला, "कुठं छापून आलंय का?"

हे आप्पा साळवे. गेलेला माणूस त्यांचा तीस वर्षांचा मित्र होता. सभा संपल्यावर बाहेर चिंचेखाली उभे राहून ते उपरण्याने डोळे पुसत होते. मी काही बोलायच्या आत म्हणाले, "दानशूर हुताच वो तो. माझ्याइतकं कोनाला ठावं हाय? पन सर, कागद नको का?"

'कागद हाय का?' हा आप्पांचा जन्माचा प्रश्न. नोकरी पाटबंधारे खात्यात, कालव्यावर. कोणाच्या शेताला किती पाणी, कधी सोडायचं, चारीचं, म्हणजे कालव्यातून शेताकडे जाणाऱ्या पाटाचं, दार कधी उघडायचं आणि कधी लावायचं, हे त्यांचं काम. ज्याचा पाणीअर्ज मंजूर त्यालाच पाणी. एकदा सख्ख्या मेहुण्याच्या उसाचं पाणी त्यांनी अर्ध्यात बंद केलं, कारण त्याचा अर्ज तालुक्याच्या गावी कुठल्यातरी टेबलावर पडून होता. काकू, म्हणजे आप्पांची बायको, महिनाभर त्यांच्याशी बोलल्या नाहीत. "पन मेव्हन्यानं पुढच्या साली अर्ज येळेवर भरला," असं आप्पा आजही अभिमानाने सांगतात.

असा माणूस निवृत्त होऊन घरी बसला तर घरच्यांचं काय होईल याची मला काळजी वाटायची. पण घरात फारसं कोणी उरलंच नाही. मुलगी कोपरगावला दिलेली, मुलगा हैदराबादला, आणि निवृत्तीनंतर दोन वर्षांत काकूही गेल्या.

त्याच सुमारास मी एक घोडचूक केली. मी राहुरीच्या एका कॉलेजात ग्रंथपाल आहे. इंटरनेटवर एक ज्ञानकोश आहे, ज्यात कोणीही लिहू शकतं. त्यात आपल्या भागातल्या गावांची माहिती मराठीत यावी म्हणून मी ग्रंथालयात एक कार्यशाळा घेतली. वीस मुलं आली आणि एक आप्पा. मुलं चहा आणि प्रमाणपत्र घेऊन गेली. आप्पा राहिले. पासवर्ड म्हणजे काय हे मी त्यांना चार वेळा सांगितलं. पाचव्यांदा ते म्हणाले, "म्हंजी दाराची किल्ली. मग आधी का न्हाई सांगितलं?"

पुढे काय झालं ते सांगायला मला आजही जरा जड जातं. या ज्ञानकोशात नवख्या माणसाने लिहिलेलं लगेच वाचकांना दिसत नाही. ते एका रांगेत थांबतं. मग कोणीतरी तपासनीस ते वाचतो, संदर्भ बघतो आणि पुढे सोडतो किंवा अडवतो. थांबवणं, तपासणं, सोडणं. आप्पांनी ही व्यवस्था पाहिली आणि त्यांचं गेलेलं खातं त्यांना परत मिळालं. वर्षभरात ते तपासनीस झाले. जिल्ह्यातल्या गावांच्या पानांवर दुसरं कोणी टिकतच नसल्यामुळे ते एकटेच तपासनीस झाले. ज्यांना मी माऊस धरायला शिकवला, ते माझं लिखाण तपासू लागले.

त्यांच्या तपासणीच्या कथा अनेक आहेत. एका गावचे सरपंच आपलं नाव 'प्रसिद्ध व्यक्ती' या मथळ्याखाली यावं म्हणून पेढे घेऊन आले होते. आप्पांनी पेढे घेतले नाहीत, चहा मात्र पाजला आणि विचारलं, "तुमच्यावर तुमी सोडून कोनी काय लिवलंय का?" सरपंचांनी मोबाईलमध्ये वाढदिवसाच्या फ्लेक्सचा फोटो दाखवला. आप्पा शांतपणे म्हणाले, "फ्लेक्सवर समदेच प्रसिद्ध असत्यात, सरपंच. ह्यो संदर्भ न्हाई."

जिल्ह्याचं नाव बदलायचं ठरलं तेव्हा तर रोज शे-पन्नास बदल रांगेत यायचे. कोणी नवं नाव घालतोय, कोणी जुनं परत आणतोय. आप्पा राजपत्राची वाट पाहत बसले आणि तोवर कोणालाच पुढे सोडलं नाही. दोन्ही बाजूंनी शिव्या आल्या. त्या त्यांनी मला फोनवर वाचून दाखवल्या, आवाजात चढउतार न करता. वर म्हणाले, "दोन्ही अंगानं शिव्या आल्या की समजायचं, दार बरुबर लागलंय."

आता माझं दुखणं सांगतो. रोज सकाळी साडेसहाला माझा फोन वाजायचा.

"सर, तुमचं कालचं वाक्य थांबवलंय."

घोडेगावच्या जनावरांच्या बाजारावर मी अगदी सुरुवातीला लिहिलं होतं की हा महाराष्ट्रातला सर्वात मोठा बाजार आहे. आप्पांनी विचारलं, "मोजला का?" तिथून जे सुरू झालं ते संपेना. मी वाक्य लिहायचं, त्यांनी थांबवायचं, सकाळी फोन. माझं तोंडही धुतलेलं नसायचं. वाक्याचा निकाल दोन मिनिटांत लागायचा, पण फोन चालायचा वीस मिनिटं. आज चहाला गवती चहा घातलाय का. धरणात पाणी किती. आईसायबांचा गुडघा कसा हाय. मी "हो, हो" म्हणत गॅसवरच्या दुधाकडे बघत राहायचो. दूध बऱ्याचदा उतू जायचं.

यावर उपाय एकच होता. ज्ञानकोशात 'विश्वासू सदस्य' नावाची एक परवानगी असते. ती मिळाली की तुमचं लिखाण रांगेत थांबत नाही, थेट छापलं जातं. फक्त त्यासाठी तुमचं काम ओळखणाऱ्या तपासनिसाची शिफारस लागते. माझं काम ओळखणारा तपासनीस सगळ्या जगात एकच होता.

मी तीनदा अर्ज केला. पहिल्या अर्जावर आप्पांनी शेरा मारला, 'सदस्य उत्साही आहे.' दुसऱ्यावर, 'सुमारे हा शब्द फार वापरतो.' तिसऱ्यावर तर त्यांना काही सुचलंही नसावं. त्यांनी लिहिलं, 'अजून पाहू.' दीड वर्षात त्यांनी माझं एकही वाक्य शेवटी नाकारलं नव्हतं. थांबवायचे, फोन करायचे आणि सोडायचे. मी थकलो होतो. कॉलेजचं काम, आईचं दुखणं, आणि वर या वयात पहाटे पहाटे परीक्षा.

एका सकाळी आईला रात्रभर झोप नव्हती, मलाही नव्हती, आणि फोन वाजला. "सर, कालचं वाक्य..."

मी म्हणालो, "आप्पा, त्या वाक्याला तीन संदर्भ दिलेत. ते तुम्हाला दिसतात. तुम्ही मला मुद्दाम अडवता. मला दुसरी कामं आहेत हो. तुम्हाला नसतील."

शेवटचे दोन शब्द बोलायला नको होते. बोलल्याबरोबर मला ते कळलं. आप्पा म्हणाले, "व्हय. बरुबर हाय." आणि फोन ठेवला. त्या दिवशी त्यांनी गुडघ्याचं विचारलं नाही.

दुपारी कॉलेजात बसून ज्ञानकोश उघडला, तर माझ्या जुन्या अर्जाखाली नवी शिफारस होती. आप्पा बोलतात एक आणि लिहितात सरकारी. त्यांनी लिहिलं होतं:

'सदर सदस्याचे लेखन मागील दीड वर्षापासून निर्दोष आहे. ते तपासण्याची आवश्यकता नव्हती. परवानगीस झालेला विलंब तपासनिसाच्या वैयक्तिक कारणामुळे झाला. सदर कारणास संदर्भ उपलब्ध नाही. शिफारस करण्यात येते.'

मी ते तीन वेळा वाचलं. मग चष्मा काढून टेबलावर ठेवला. एक मुलगी पुस्तक परत करायला आली होती, तिला मी उगाचच दंड माफ केला.

परवानगी दुसऱ्या दिवशी मिळाली. माझं लिखाण थेट छापलं जाऊ लागलं. साडेसहाला घर शांत. दूध उतू जाईना. पहिले तीन दिवस मला फार बरं वाटलं, खोटं कशाला बोलू. चौथ्या दिवशी मी साडेसहाला फोनकडे पाहिलं. पाचव्या दिवशी आईने विचारलं, "ते कालव्याचे आप्पा आजारी आहेत का रे? माझ्या गुडघ्याची कोणी चौकशी करीना." मी म्हणालो, बरे असतील. आपणच फोन करावा असं दहादा मनात आलं, पण काय बोलायचं ते सुचत नव्हतं. आमच्यात बोलायला आजवर नेहमी एक थांबवलेलं वाक्य असायचं.

मग एक चूक झाली. ग्रंथालयातल्या संगणकावर बसून मी मुळा नदीकाठच्या एका खेड्याविषयी दोन ओळी लिहिल्या. घाईत होतो, लॉग-इन करायचंच राहून गेलं. असं झालं की लिहिणाऱ्याचं नाव दिसत नाही, नुसता एक नंबर दिसतो, आणि अशा बिननावाच्या माणसाचं लिखाण सरळ रांगेत जाऊन थांबतं. माझ्या हे ध्यानातही आलं नाही.

दुसऱ्या दिवशी साडेसहाला फोन वाजला.

"सर, झोपमोड केली का?" आप्पांचा आवाज जरा बसलेला होता. "एक अनोळखी मानूस आलाय आपल्या पानांवर. नाव न्हाई, गाव न्हाई. नदीकाठचं लिवलंय. बरं लिवतो. पन एका ठिकानी 'सुमारे' घातलंय, आनि कागद न्हाई. म्हनलं तुमाला इचारावं. थांबवू का सोडू?"

माझ्या डोक्यात उजेड पडायला थोडा वेळ लागला. मी म्हणालो, "थांबवा आप्पा. कागद नको का?"

"तेच म्हनतो मी," आप्पा म्हणाले. मग धरणातलं पाणी झालं, गवती चहा झाला. मी फोन आईच्या कानाला लावला आणि तिने स्वतःच गुडघ्याचं सगळं सांगितलं. दूध उतू गेलं.

तेव्हापासून मी रोज एक वाक्य लिहिताना लॉग-इन करायला विसरतो. बाकीचं माझ्या नावाने, थेट. ते एक वाक्य मात्र बिननावाचं, आणि त्यात एखादा संदर्भ गाळलेला. नियमाने हे चूक आहे. एका माणसाने दोन तोंडांनी लिहू नये, असं त्या ज्ञानकोशात स्पष्ट म्हटलंय, आणि हा नियम आप्पांना पाठ आहे. लॉग-इन न केलेल्याचा नंबर कुठल्या संस्थेचा हे तपासनिसाला एका क्लिकवर दिसतं, तेही त्यांना येतं. तो नंबर आमच्या कॉलेजचा आहे. मेहुण्याचं पाणी तोडणाऱ्या माणसाने ही एक चारी मात्र चार महिने उघडी ठेवली आहे.

परवा मला राहवलं नाही. मी विचारलं, "आप्पा, हा माणूस चार महिने रोज लिहितोय. त्यालाही विश्वासू सदस्य करून टाका की."

"कसं करनार?" आप्पा म्हणाले. "त्याचं खातंच न्हाई. खातं न्हाई त्याला परवानगी देता येत न्हाई. नियम हाय."

"मग त्याला सांगा ना, खातं उघड म्हणून. नव्या माणसाला सांगायचं असतं."

पलीकडे चहाचा कप बशीत ठेवल्याचा आवाज आला.

"असतं," आप्पा म्हणाले. "पन मी न्हाई सांगनार. तुमीबी सांगू नका, सर."

मग त्यांनी आईच्या गुडघ्याचं विचारलं.