पाऊण तासाचा थांबा

गजभिये साहेबांच्या गळ्यात शिट्टी असते. ते पोलिसात नव्हते, कवायतीचे मास्तर नव्हते आणि आमच्या सोसायटीचे रखवालदारही नाहीत. पाटबंधारे खात्यातून उपअभियंता म्हणून निवृत्त झालेले गृहस्थ आहेत. शिट्टी त्यांनी स्वतः विकत घेतलेली आहे आणि ती वाजवण्याचा अधिकार त्यांना कोणीही दिलेला नाही.

सिंहगड रस्त्यावरच्या आमच्या इमारतीत ते समोरच्या दारात राहतात. मूळचे भंडाऱ्याकडचे, पण नोकरीची बरीच वर्षं खडकवासल्याला गेली. धरणाचे दरवाजे उघडण्याआधी भोंगा वाजवतात. "भोंगा झाला म्हणजे झाला," ते सांगतात. "मग नदीत कोणाची म्हैस बसली आहे, कोण टेम्पो धुऊन राहिला, हे पाणी विचारत नाही." निवृत्तीबरोबर धरण सुटलं. भोंग्याची सवय राहिली.

सोसायटीची वार्षिक सभा ते नोटिशीत लिहिलेल्या वेळेला सुरू करतात. एकदा त्या वेळेला हजर असलेले सभासद म्हणजे ते स्वतःच होते. त्यांनी गणसंख्येअभावी सभा नियमाप्रमाणे अर्धा तास तहकूब केली, खुर्चीत शांत बसून राहिले, मग सुरू केली आणि पाण्याच्या टाकीचा ठराव एकमताने मंजूर केला. आम्ही चहा पिऊन पोहोचलो तेव्हा आभारप्रदर्शन चाललं होतं.

माझ्या मुलीच्या लग्नात मुहूर्त बारा सतराचा होता. वऱ्हाड नवले पुलाजवळ अडकलं होतं. स्टेजवर नवरा नव्हता, नवरी नव्हती, भटजीही फोनवर बोलत बाहेर गेले होते. शिडीवर चढून माळा बांधणारा एक माणूस तेवढा होता. बारा सतराला साहेब उठले, त्या माणसाच्या दिशेने त्यांनी अक्षता टाकल्या आणि ते जेवायला गेले. नंतर मी विषय काढला, तर म्हणाले, "पत्रिका तुम्हीच छापली होती ना?"

त्यांचं एक वाक्य आमच्या इमारतीत लहान मुलांनाही पाठ आहे. "वाट पाहिली की माणूस बिघडतो." बिघडतो तो उशिरा येणारा. वाट पाहणाऱ्याचं काय होतं, यावर त्यांनी कधी मत दिलेलं नाही.

त्यांना एकच मुलगी, प्रज्ञा. नोकरीसाठी ती मॉरिशसला गेली आणि तिथल्याच एका मुलाशी तिने लग्न केलं. नोंदणी कार्यालयातून बाहेर आल्यावर तिने घरी फोन केला. साहेबांनी ऐकून घेतलं, "आधी कळवायची पद्धत असते," एवढं म्हणाले आणि फोन काकूंकडे, म्हणजे आपल्या पत्नीकडे, दिला. त्यानंतर बापलेकीचं बोलणं झालेलं नाही. जातीचा किंवा धर्माचा प्रश्न नव्हता. त्यांनी स्वतः मला तसं सांगितलं आणि मला ते खरं वाटतं. प्रश्न क्रमाचा होता. आधी सूचना, मग कार्यवाही.

दरम्यान प्रज्ञाला मुलगी झाली. ती आता बालवाडीत जाते. काकू दर रविवारी व्हिडिओ कॉल लावतात, फोन पाण्याच्या तांब्याला टेकवून ठेवतात आणि भाजी निवडत बोलतात. फोनचा पडदा साहेबांच्या खुर्चीकडे वळवलेला असतो. साहेब पेपर वाचत असतात. तासाभरात पेपरचं पान उलटलं जात नाही.

मागच्या वर्षी मी आणि माझी पत्नी वसुधा एका सहल कंपनीबरोबर मॉरिशसला जायला निघालो. काकूंना कळल्याबरोबर त्यांनी साहेबांचंही नाव घालून टाकलं. त्यांचे स्वतःचे गुडघे प्रवासाचे राहिलेले नाहीत. लेकीसाठी काही बांधून देता का, असं वसुधाने विचारलं. "माणूस पाठवून राहिले, तेवढं पुरे," काकू म्हणाल्या.

प्रज्ञा हॉटेलवर भेटायला येणार होती. साहेबांनी काकूंमार्फत कळवलं की ग्रुपच्या कार्यक्रमात तसं काही नाही. कार्यक्रमात काय होतं, तर शेवटच्या दिवशी बसने बेटाची सहल. सगळं बेटच ज्वालामुखीतून वर आलेलं, तर त्याचं एक जुनं मुख बघायचं, तिथे पाऊण तासाचा थांबा. प्रज्ञाचं घर त्या डोंगराच्या पायथ्याच्या गावात. "थांबा आहे," साहेब म्हणाले. "तिला यायचं तर येईल." दुसऱ्या दिवशी पहाटे आमचं विमान होतं. म्हणजे भेट व्हायची तर त्या पाऊण तासातच.

पहिले दिवस शिट्टीने गाजवले. टूर मॅनेजर अनघा मवाळ स्वभावाची होती आणि तिला ते सोयीचंच पडलं. समुद्रकाठच्या बाजारात कोथरूडच्या जोगळेकर भगिनी शंख निवडत राहिल्या. साहेबांनी शिट्टी दिली, ड्रायव्हरला खूण केली आणि बस निघाली. दोघी टॅक्सी करून हॉटेलवर आल्या. थोरल्या जोगळेकर बाई सरळ साहेबांसमोर उभ्या राहिल्या.

"अहो, तुम्ही टूर मॅनेजर आहात का?"

"नाही. म्हणूनच मला वाजवावी लागते."

शेवटच्या दिवशी सकाळी साहेब इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून खाली आले. दाढी दोनदा केलेली दिसत होती. त्यामागचं कारण बसमधल्या प्रत्येकाला माहीत होतं. वसुधाने ते धाकट्या जोगळेकर बाईंना विश्वासात घेऊन सांगितलं होतं.

डोंगरावर बारीक पाऊस होता. गाइडने आम्हाला कठड्यापाशी नेलं. खाली मोठी खोलगट वाटी, तिच्या उतारांवर दाट झाडी आणि तळाशी थोडं गढूळ पाणी. ज्वालामुखी झोपला आहे, मेलेला नाही, असं गाइडने हिंदीत सांगितलं.

"कधी उठणार?" साहेबांनी विचारलं.

"सर, कल भी उठ सकता है, हज़ार साल बाद भी."

"म्हणजे वेळ ठरलेली नाही," साहेब मला म्हणाले. त्यांचं ज्वालामुखीबद्दलचं मत तिथेच खराब झालं.

सदाशिव पेठेतल्या एका गृहस्थांनी खालच्या पाण्याकडे पाहून, यापेक्षा आमचं पाषाणचं तळं बरं, असा निकाल दिला. मग सगळे फोटो काढायला पांगले. साहेबांनी फोटो काढले नाहीत. ज्वालामुखीकडे पाठ करून ते रस्त्याच्या तोंडाशी उभे राहिले. खालून गाडी येताना दिसली की ते शर्टाची बाही सारखी करायचे. गाडीतून दुसरंच कोणी उतरायचं. मग ते घड्याळ पाहायचे.

पाऊण तास झाला. कोणी बसकडे गेलं नाही. असं त्या सहलीत पहिल्यांदाच घडत होतं.

अनघा जवळ आली. "सर, थांबू या आपण. पुढे काही घाई नाहीये."

"वेळ झाली आहे."

"होऊ दे की," थोरल्या जोगळेकर बाई म्हणाल्या. "आमचे फोटो व्हायचेत अजून."

"एका माणसासाठी बस थांबत नसते. परवा तुमच्यासाठी थांबली नव्हती."

"आम्ही काही बोललो का?"

"तक्रार केली होती. अनघा मॅडमकडे. लेखी."

"मागे घेते. बसा आता गप्प."

साहेबांनी रस्त्याकडे पाहिलं. बसमधल्या सगळ्यांनी त्यांना सवलत देऊ केली होती आणि ती घ्यायची कशी, हे त्यांना माहीत नव्हतं. दुसऱ्यांना त्यांनी कधी दिली असती, तर थोडा सराव झाला असता. त्यांनी शिट्टी तोंडाला लावली. एरवी ती दोन गल्ल्या पलीकडे ऐकू जाते. त्या दिवशी तिच्यातून जेमतेम वारा निघाला. पण ते बसमध्ये चढले. एकेक जण मागून चढला. ड्रायव्हर जोसेफने अनघाकडे पाहिलं, अनघाने साहेबांकडे, आणि बस निघाली.

अर्धा उतार झाला असेल. एका अरुंद वळणावर समोरून छोटी पांढरी गाडी वेगाने वर आली आणि पाणी उडवत आम्हाला घासून गेली. चालवणारी बाई होती, मागच्या सीटवर मूल होतं. वसुधा अर्धवट उठली. पण ती प्रज्ञाच, असं छातीठोक कोण सांगणार, आणि त्या रस्त्यावर बस वळवायला जागा नव्हती. मी साहेबांकडे पाहिलं. ते दुसऱ्या बाजूच्या खिडकीतून उसाचं शेत बघत होते. त्यांनी गाडी पाहिली नाही, अशी माझी समजूत झाली.

पुढचा थांबा तलावाचा होता. तोही ज्वालामुखीचंच मुख, पाण्याने भरलेलं. काठावर देवळं आहेत. साहेब बौद्ध आहेत. देवळांच्या थांब्यांना ते बसमध्येच बसून राहतात आणि वेळेवर लक्ष ठेवतात. खाली उतरल्याबरोबर थोरल्या जोगळेकर बाईंनी सगळ्या बायकांना एकत्र केलं. "आरती म्हणायची. सावकाश. सगळी कडवी," त्या म्हणाल्या. "ती पोरगी मागून येत असेल तर येऊ दे."

गणपतीची झाली, शंकराची झाली, देवीची सुरू झाली. ज्यांना दुसरं कडवं येत नव्हतं, त्यांनी पहिलंच पुन्हा घेतलं. मॉरिशसचा पुजारी भारावून गेला. वसुधा बाजूला जाऊन काकूंना फोन लावत होती. काकूंनी तो धरून ठेवून दुसऱ्या फोनवरून प्रज्ञाला लावला.

थोड्या वेळाने वसुधा माझ्याकडे आली. पांढरी गाडी प्रज्ञाचीच होती. ती वर पोहोचली तेव्हा तिथे कोणी नव्हतं.

"उशीर का झाला?"

"आजोबांना दाखवायचं म्हणून मुलीला नवा फ्रॉक घातला. तिने तो दुधाने भिजवला. मग दुसरा शोधण्यात वेळ गेला."

"आता इकडे ये म्हणावं. आपण बस थांबवून धरू."

"काकूंनी सांगितलं तिला. नाही म्हणाली. घरी परत चाललीय. बाबा थांबायचे नाहीत हे मला माहीत होतं, म्हणाली. रागाने नव्हे म्हणे. नुसतंच."

बसमधून शिट्टी आली. बायकांनी आवाज चढवला. दुसरी शिट्टी आली नाही.

साहेबांना हे कळवायला हवं होतं आणि ते काम माझ्याकडे आलं. मी बसपाशी गेलो. दार उघडं होतं. साहेब आपल्या जागेवर नव्हते. पुढच्या सीटवर, जोसेफच्या मागे बसून ते त्याच्याशी बोलत होते. जोसेफला फ्रेंच येतं, तिथली क्रिओल बोली येते, कामापुरतं इंग्रजी येतं. साहेब मराठीत बोलत होते आणि त्यांच्या मराठीत भंडारा पूर्ण परत आला होता.

"लहान होती तेव्हा स्कूटरवर पुढं उभी राहे. कात्रजच्या उतारावर म्हणे, बाबा, जोरात घ्या ना. मी काहून घेईन? कधी घेतली नाही."

"यस, सर," जोसेफ म्हणाला.

"ते वळण वाईट आहे. रस्ता ओला. आणि ती कशी आली ते पाहिलं ना तुम्ही? हॉर्न नाही, काही नाही. मागं पोरगी बसलेली."

जोसेफने आरशातून माझ्याकडे पाहिलं. मी पायरीवर उभा होतो. साहेबांची माझ्याकडे पाठ होती.

"आता घाई नाही तिला," ते म्हणाले. "परत जाताना तरी सावकाश जाईल ना?"

"यस, सर," जोसेफ म्हणाला.

"मग ठीक आहे," साहेब म्हणाले.