केनभाऊ आणि ऑस्ट्रेलियाचा पाहुणा

केनभाऊंकडून वाटीभर साखर घ्यायची असेल, तर त्यांच्या समोर उभं राहून काही उपयोग नाही. ते वाटी घेऊन बाहेर येतात, तुमच्याकडे बघून हसतात, तुम्हाला ओलांडून दोन पावलं पुढे जातात आणि मग कमरेत वळून वाटी मागे तुमच्या हातात देतात. आमच्या सोसायटीत नवीन राहायला आलेली माणसं पहिल्यांदा घाबरतात. आम्ही जुनी माणसं मात्र त्यांच्या दारात गेलो की आपोआप त्यांच्या मागे जाऊन उभे राहतो. गणपतीत प्रसाद वाटायला ते असले की रांग त्यांच्या पाठीशी लागते.

याचं कारण मला वर्षभराने कळलं. केनभाऊ ऑस्ट्रेलियाचे. तिथे ते रग्बी लीग नावाचा खेळ खेळायचे. त्या खेळात चेंडू हाताने पुढे द्यायचा नसतो, फक्त मागच्याला द्यायचा असतो. अकरा वर्षं हाच नियम पाळल्यामुळे तो हाडात मुरला. कलिंगड, कोबी, हरवलेलं मांजर, काहीही असो, ते डाव्या काखेत छातीशी दाबून धरतात आणि उजवा हात पुढे करून गर्दीतून वाट काढतात. मासळी बाजारातल्या बायका त्यांना लांबूनच रस्ता देतात.

आता ऑस्ट्रेलियाचा माणूस बदलापूरला बेलवलीत काय करतो, हा प्रश्न तुम्हाला पडला असेल. आमची सोसायटी ज्या जमिनीवर उभी आहे ती हिराबाईंची. पूर्वी तिथे त्यांची भातशेती होती. बिल्डरने त्यांना तळमजल्यावर एक फ्लॅट दिला. त्यांची एकुलती एक मुलगी वनिता नर्स होऊन ऑस्ट्रेलियाला गेली, आणि तिथे ज्या पेशंटच्या गुडघ्याची पट्टी बदलायची त्याच्याशीच लग्न करून बसली. केनभाऊ त्याचा हिशेब असा सांगतात, "येक गुरघा दिला नि बायको घेतली. सौदा बरा झाला." हिराबाईंना एकटीला होईना म्हणून सात वर्षांपूर्वी दोघं इकडे आली. तीन वर्षांपूर्वी वनिता आजारपणात गेली. केनभाऊ आता परत जाणार असं सगळे धरून चालले होते. ते गेले नाहीत. सासूला, म्हणजे त्यांच्या 'आय'ला, सकाळी चहा, दुपारी गोळ्या आणि संध्याकाळी उल्हास नदीपर्यंत हात धरून फेरी, हा त्यांचा दिवस. जमिनीच्या पैशांवर डोळा असेल, असं चेअरमन पाटकर एकदा म्हणाले होते. मी तेव्हा मान हलवली होती. मी सोसायटीचा सेक्रेटरी आहे आणि मान हलवणं हे माझं मुख्य काम आहे.

केनभाऊ मराठी शिकले ते हिराबाईंकडून. त्यामुळे ते पुस्तकी मराठी बोलत नाहीत, आगरी बोलतात. सहा फूट दोन इंचांचा, नाक तीनदा मोडलेला, कान फुलकोबीसारखे झालेला गोरा माणूस गेटवर उभा राहून "गारी इकरं लावू नको रं, पानी भरतंय" म्हणतो तेव्हा टेम्पोवाला गाडी बंद करायचं विसरतो. चेअरमनना ते सरळ "काय रं, बरा हाय ना?" म्हणतात. हिराबाईंनीच त्यांना सांगून ठेवलंय की 'अहो-जाहो' फक्त पोलिसाला करायचं.

आम्हाला त्याची फार गंमत वाटायची. कुणाकडे ठाण्याहून, डोंबिवलीहून पाहुणे आले की केनभाऊंना बोलावणं जायचं. "केनभाऊ, जरा बोलून दाखवा ना." माझा साडू आला तेव्हा मीच त्यांना बोलावलं. ते दोन वाक्यं बोलले, पाहुणे पोट धरधरून हसले, केनभाऊही हसले आणि चहा न घेता गेले. हिराबाई तीच भाषा जन्मभर बोलत आल्या, तेव्हा आम्ही तिला गावठी म्हणत होतो. तीच भाषा गोऱ्या तोंडातून आली की आम्ही व्हिडिओ काढत होतो. हे मला तेव्हा खटकलं नाही. आता लिहिताना लाज वाटते, आणि अजून खरी लाजेची गोष्ट तर सांगायचीच आहे.

त्यांच्या खेळाबद्दल मी एकदाच नीट ऐकलं. लिफ्ट बंद होती आणि गच्चीवरून उतरताना ते गुडघ्यामुळे जिन्यात बसले होते. कोळशाच्या खाणींचं छोटं गाव, बाप खाणीत. गावाच्या संघात हे पहिल्या फळीत. "मी घोरा नाय, बैल व्हतो," ते म्हणाले. समोरच्या भिंतीवर जाऊन आदळायचं, पडायचं, उठायचं, पुन्हा आदळायचं. अकरा वर्षांत वरच्या दर्जाचे सामने मिळाले चार. चौथ्यात गुडघा गेला. मी विचारलं, "कुणी सत्कार वगैरे?" ते म्हणाले, "सत्कार? नाय रं. कोनी वलखत पन नाय." मग लिफ्ट सुरू झाली.

बाकी सगळ्या बदलापूरला ऑस्ट्रेलिया म्हटलं की एकच खेळ आठवतो. दूधवाल्यापासून डॉक्टरांपर्यंत जो तो त्यांना क्रिकेटबद्दल विचारतो. त्यांचं उत्तर ठरलेलं, "क्रिकेटमंदी मी कच्चा लिंबू."

यंदा आमच्या सोसायटीने मांजर्लीच्या मैदानावर टेनिस बॉल क्रिकेटची स्पर्धा भरवली. प्रमुख पाहुणा मिळेना. नगरसेवकाला लग्न होतं, टीव्ही मालिकेतल्या नटाने दोन महिन्यांनंतरची तारीख दिली. मी म्हटलं, आपले केनभाऊ आहेत की, खेळाडू माणूस. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. माझ्या मनात, देवाशपथ सांगतो, जिन्यातलं ते बोलणं होतं. एकदा तरी या माणसाच्या गळ्यात हार पडू दे, एवढंच होतं.

बॅनर स्वस्तात होतो म्हणून मी उल्हासनगरला गेलो. दुकानाचा मालक लछूशेठ, सिंधी माणूस. मी कागद दिला: प्रमुख पाहुणे, ऑस्ट्रेलियाचे माजी रग्बी लीग खेळाडू. त्याने चष्म्यावरून बघितलं.

"साईं, ये रग्बी क्या है? पब्लिक समझेगी कोई साबुन का कंपनी है."

"अहो, खेळ आहे तो."

"खेल है तो क्रिकेट लिखो ना. आदमी ऑस्ट्रेलिया का है ना? फिर? उधर सब खेलते हैं. वडी, मेरे को क्या, तुम्हारा मैदान खाली रहेगा."

मी फोन करून पाटकरांना विचारलं. ते म्हणाले, "माजी आंतरराष्ट्रीय क्रिकेटपटू टाका. आणि नाव घालू नका, लोक मोबाइलवर शोधत बसतील." मी फोनवरसुद्धा मान हलवली. बॅनरवर लाल अक्षरांत छापून आलं: 'प्रमुख पाहुणे, ऑस्ट्रेलियाचे माजी आंतरराष्ट्रीय क्रिकेटपटू'. खाली नाव नाही, फोटो नाही. केनभाऊंना मी एवढंच सांगितलं होतं, की रविवारी दहाला मैदानावर या, जरा काम आहे. बाकीचं त्यांना नीट समजावून सांगायचं रोज ठरवत होतो.

माझा एक अंदाज चुकला. केनभाऊंना मराठी वाचता येतं हे मी धरलंच नव्हतं. वनिताने त्यांना बाराखडी शिकवली होती आणि पुढचं ते दुकानांच्या पाट्यांवर शिकले होते.

शनिवारी संध्याकाळी दार वाजलं. दारात केनभाऊ. म्हणाले, "सेक्रेटरी, तू मना बोलला नायस."

मी उगाच त्यांना आत या म्हणालो.

"नाक्यावर मी वाचला. सगला वाचला. ऑस्ट्रेलियाचा मानूस येतंय, नि तू मना सांगत नाय?"

मी त्यांच्या तोंडाकडे बघत राहिलो. रागाचा पत्ता नव्हता. ते मोडकं नाक, ते कान, सगळा चेहरा उजळला होता.

"कनच्या गावचा हाय? क्रिकेटवाला तं क्रिकेटवाला, चालंल! आय बोलली, त्याला जेवायला घरी आन. उद्या कोलंबी करतंय, तांदलाची भाकरी करतंय." मग जरा खालच्या आवाजात म्हणाले, "वनी गेली तवापासून माझे भाषेत कोनाशी मस्करी नाय केली, सेक्रेटरी. भावाला फोन करतो, पन त्याला ऐकू येत नाय."

त्या क्षणी सांगायला हवं होतं. एक वाक्य लागलं असतं. मी म्हणालो, "हो हो, या ना." केनभाऊ गेले. माझी बायको स्वयंपाकघराच्या दारात उभी होती. ती म्हणाली, "आत्ताच्या आत्ता खाली जाऊन सांगा." मी म्हटलं, उद्या सकाळी सांगतो. तिने टीव्हीचा आवाज वाढवला.

रविवारी मी पावणेदहाला पोचलो तर केनभाऊ नऊपासून मैदानाच्या फाटकावर उभे होते. इस्त्रीचा शर्ट, जुन्या क्लबचा टाय, केसांना पाणी लावून भांग. रिक्षा थांबली की ते दोन पावलं पुढे व्हायचे, आत वाकून बघायचे आणि परत जागेवर यायचे. मी त्यांच्याकडे जायला निघालो, तेवढ्यात मला कुणीतरी माइकच्या वायरसाठी बोलावलं. खरं सांगायचं तर मला कुणी बोलावलं नव्हतं. वायर मला लांबून दिसली आणि मी तिच्याकडे गेलो.

"आणि आता," निवेदक ओरडला, "थेट ऑस्ट्रेलियाहून, आंतरराष्ट्रीय क्रिकेटपटू, केनसाहेब!"

केनभाऊंनी आधी मागे वळून बघितलं. मग पाटकरांनी हात धरून त्यांना मंचावर नेलं. हार गळ्यात पडला तरी त्यांची नजर फाटकाकडे होती. मग ती माझ्याकडे आली. मी माझ्या चपलांकडे बघत होतो. अंगठा जरा उसवला होता.

त्यांनी माइक घेतला. "राम राम. मना क्रिकेट येत नाय."

मैदानभर हशा आणि टाळ्या. पाटकर माझ्या कानात म्हणाले, "बघा, मोठी माणसं किती साधी असतात."

"मी खरा बोलतंय. मी रग्बी लीग खेलायचो."

"ऑलराउंडर!" मागून कुणीतरी ओरडलं, आणि शिट्ट्या सुरू झाल्या.

मग उद्घाटनाचा चेंडू त्यांनी खेळायचा असं ठरलं. त्यांना नको म्हणू दिलं नाही. हातात बॅट दिली, पन्नास मोबाइल वर झाले. चेंडू हळूच टाकला होता. केनभाऊंनी तो दोन्ही डोळे उघडे ठेवून बघितला आणि त्यांचा त्रिफळा उडाला. कुणीतरी म्हणालं, "फेकू आहे रे हा." हसणं पसरत गेलं. चार वेळा का होईना, हा माणूस वरच्या दर्जाच्या मैदानावर खरोखर खेळला होता. त्याला मी बसल्या जागी लबाड करून टाकलं होतं. पुढे होऊन माइक घ्यायचा आणि दोन शब्द सांगायचे, एवढंच माझ्या हातात होतं. मी ते केलं नाही. मला माझी लाज वाटत होती, आणि सेक्रेटरीपदही सोडवत नव्हतं.

ते बाहेर आले तेव्हा मी मागे मागे गेलो. "केनभाऊ, चुकलं माझं. पाहुणा... तुम्हीच होतात."

"समजला," ते म्हणाले. हार काढून त्यांनी हातात गुंडाळला. थोडं चालून झाल्यावर म्हणाले, "आय वाट बघत असंल. चल."

मी नको म्हणालो. त्यांनी माझा दंड धरला. पहिल्या फळीतला माणूस, मी काय सुटणार!

घरात तीन ताटं मांडलेली होती. मधल्या ताटासमोर सतरंजीची घडी घातलेली. हिराबाई पदर सावरून उभ्या राहिल्या आणि दाराकडे, आमच्या मागे, बघायला लागल्या.

"आय, पाव्हन्याचा विमान चुकला," केनभाऊ म्हणाले. "सेक्रेटरी आयलाय त्याचे जागेवर."

"आवरा लांबून निंगाला नि आयला नाय?" हिराबाई हळहळल्या. "बिचारा. बस रं भाऊ तू."

मी त्या सतरंजीवर बसलो. माझी चूक झाकायला हा माणूस आपल्या सासूशी खोटं बोलला होता. भाकरी मोडता मोडता केनभाऊ मला म्हणाले, "सेक्रेटरी, येक काम कर. मना इंग्लिशमंदी काय तरी विचार. काय पन."

सात वर्षांत मी त्यांच्याशी एक वाक्य इंग्रजी बोललो नव्हतो. आम्हाला त्यांची आगरी ऐकायची असायची. माझं इंग्रजी अंबरनाथच्या कंपनीतल्या पत्रांपुरतं. घसा खाकरून मी विचारलं, "केन, हाऊ वॉज युवर फर्स्ट मॅच?"

त्यांनी भाकरी ताटात ठेवली. आणि बोलायला लागले. आधी हळू, मग जोरात, मग इतकं भराभर की शब्द कुठे संपतो तेच कळेना. मधेच हसत होते, हाताने ढकलून दाखवत होते, एक शिवीही दिली बहुतेक. त्यांचा आवाजच वेगळा होता. इतकी वर्षं शेजारी राहून तो मी कधी ऐकला नव्हता. पाचातला एक शब्द मला कळत होता. मी पाण्याचा तांब्या घ्यायला वळलो, तर हिराबाईंनी माझा हात दाबला.

"वनी गेली नि मना वाटला, ह्याचा बोलना सरला," त्या हळूच म्हणाल्या. "भात थंड झाला तं होऊ दे. तू फकस्त हूं म्हन."

मी खाली मान घालून हूं म्हणत राहिलो.