नानांची अनेवी

वर्तमानपत्र उघडण्याआधी त्याची परवानगी मागणारा माणूस तुम्ही पाहिलाय का? आमच्या शेजारच्या ब्लॉकमध्ये राहतो. नाना सबनीस. रोज सकाळी दारातला पेपर उचलायचा, दोन्ही हातांवर तान्ह्या मुलासारखा धरायचा आणि विचारायचं, "लिमा तुवे?" मग जरा थांबायचं. पेपर काय उत्तर देतो ते त्यांचं त्यांना ठाऊक. पण एखाद्या दिवशी घडीसुद्धा न मोडता तो खुर्चीवर ठेवून देतात. "आज त्याची इच्छा नाही. नोंद घ्यावी."

'नोंद घ्यावी' हे त्यांचं पालुपद. सरकारी कचेरीच्या दफ्तरखान्यात सारी नोकरी गेली, लग्न केलं नाही, बोलण्याची पद्धत तेवढी घरी घेऊन आले. "वहिनी, आपलं दूध उतू जात आहे, नोंद घ्यावी," असं गॅलरीतून सांगतात. एवढं शुद्ध वाक्य पुरं होईपर्यंत दूध कशाला थांबतंय!

तर ही लिमा तुवेची भानगड काय, ते सांगते. नानांनी मनातल्या मनात एक नगरी वसवलीये, अनेव नावाची. तिथे डोंगराएवढं दफ्तर आहे आणि त्यातले कागद जिवंत आहेत. त्यांच्याशी फक्त अनेवी भाषेत बोलायचं. लिमा तुवे म्हणजे 'जागे आहात का?' गोड हाक मारली तर हवा तो कागद फडताळातून स्वतः उतरून हातात येतो. दरडावलं तर रुसून मागच्या फळीवर जाऊन बसतो. खोटं लिहिलंत तर शाई ओघळून तळाशी जमा होते. आणि दुपारी एक ते चार सगळे कागद झोपतात.

मी म्हटलं, "नाना, जादूचं असलं तरी दफ्तर नारायण पेठेतलंच म्हणायचं!"

ते हसले नाहीत. "झोप सगळ्यांनाच लागते, वहिनी."

या भाषेत शिवी मात्र नाही. वाईट शब्द कानावर पडला की म्हणे कागद पिवळा पडतो आणि मग त्याला कोणीच वाचू शकत नाही. बाकी सगळं आहे. भाजीला शब्द आहे, जावयाला आहे, फडताळावरच्या धुळीला तर जाडीप्रमाणे वेगवेगळे आहेत.

एकदा मी सरळच विचारलं, की बाबा, मराठी काय वाईट होती? म्हणाले, "दफ्तरखान्यात कोणी बोलायला येत नाही, वहिनी. कागद मागायला येतात. मग मी कागदांशीच बोलायला लागलो. त्यांच्याशी मराठीत कसं बोलणार? मराठीत ते नुसते कागद."

मी त्यांना थालीपीठ दिलं.

त्यांनी सोसायटीच्या हॉलमध्ये अनेवीचा वर्गही काढला होता. मी गेले, तळमजल्यावरचे दोघे-तिघे आले. नाना म्हणणार, आम्ही मागून म्हणणार, आणि प्रत्येक वेळी, "चूक! कागद उतरणार नाही!" बरोबर चिवडा असायचा. चिवडा संपला तसा वर्गही संपला. त्या दिवशी खुर्च्या एकावर एक रचताना नाना म्हणाले, "मी गेलो की अनेवीही गेली, वहिनी. एवढे शहाणे कागद, आणि हाक मारणारं कोणी नाही." हे मात्र ते 'नोंद घ्यावी' न म्हणता म्हणाले.

मग माझ्याकडे प्राची राहायला आली. यवतमाळची पोर, हिंजवडीला कॉम्प्युटर कंपनीत. तेव्हा पेठेतल्या घरोघरी अशा पेइंग गेस्ट मुली आल्या होत्या. पहिल्याच सकाळी मला विचारते, "आजी, ते काका पेपरशी काय बोलून राहिले?" मी सांगितलं. दुसरी असती तर हसली असती. ही चहा तसाच ठेवून नानांकडे गेली. तिची कंपनी कॉम्प्युटरवरचे खेळ करायची आणि त्यांना जादूच्या राज्यातला एक खेळ करायचा होता; त्या राज्याला भाषा हवी होती.

कंपनीने नानांना बोलावलं, नेमकं दुपारी अडीचला. गाडी पाठवली. नाना कोट घालून गेले आणि तिथे गप्प बसले. अनेवीबद्दल एक ते चार या वेळेत बोलायचं नाही! पोरं विचारतायत, नाना पाणी पितायत. त्यांना वाटलं, आजोबांना ऐकू येत नाही. एकाने तर कागदावर मोठ्या अक्षरांत प्रश्न लिहून धरला. चारच्या ठोक्याला नाना "नमस्कार" म्हणाले आणि पार कंपनीची बस सुटेपर्यंत बोलायचे थांबले नाहीत. पोरांनी सगळं टिपून घेतलं.

काही महिन्यांनी प्राची रडवेली होऊन घरी आली. "आजी, गडबड झाली. खेळात लढाया आहेत. शिव्या पाहिजेत म्हणून पोरांनी स्वतःच बनवल्या. आता अख्खी कँटीन एकमेकांना अनेवीत शिव्या देऊन राहिली. काकांना कोण सांगेल?"

ज्यांचा कागद एवढ्याशाने पिवळा पडतो, त्यांना हे सांगायचं? पण बाहेरून कळण्यापेक्षा घरून कळलेलं बरं. तिला घेऊन मी नानांकडे गेले आणि एका दमात सांगून टाकलं.

नानांनी विचारलं, "मला न विचारता केल्या?"

"हो, काका. सॉरी."

"आणि... रागावले की त्याच तोंडात येतात? मराठी नाही?"

"आता तर त्याच येतात."

"सांग बरं एक."

"खर्मट नुवा," प्राची पुटपुटली. "म्हणजे, तुझ्या दफ्तराला वाळवी लागो."

मी डोळेच मिटून घेतले. उघडून पाहते तो नाना चष्मा काढून धोतराच्या सोग्याने पुसत होते. "वाळवी," ते म्हणाले. "मला कधी सुचलं नसतं." मग खुर्ची पुढे ओढून तिच्यासमोर बसले. "आता मला दे."

"काय?"

"शिवी."

"काका, तुम्हाला कशी देऊ? मोठे आहात तुम्ही."

"दे गं," नाना म्हणाले. "माझ्या मागून सगळ्यांनी म्हणून दाखवलं. माझ्याशी त्या भाषेत आजवर कोणी काही बोललेलंच नाही."

प्राचीने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. तेव्हा तिने ओढणी सारखी केली आणि नानांच्या डोळ्यांत बघून, अगदी मनापासून, त्यांना शिवी दिली.

नाना ताठ बसले. आणि मग अनेवीत, सावकाश, तिला काहीतरी उत्तर दिलं.